पहिला हेल

“तुमच्याकडे पहिलं कोण रडतं?”

रुताने हे विचारलं तेव्हा मी ओट्यापाशी बसून कोळंबी सोलत होते. माझ्या खानावळीत उतरलेले पाहुणे साधारण विचारत, सोलकढी कशाची करतात, किल्ल्याकडे होडी किती वाजता सुटते. हिने सकाळच्या चहाबरोबर मयताचं रडणं काढलं होतं.

“कुणी गेल्यावर म्हणतेस?”

“हो. पहिलं कोण रडतं, त्यात मिसळतं कोण आणि थांबवतं कोण. तीनच प्रश्न. मी सगळ्या देशांत हेच तीन विचारते. प्रश्न बदलले तर तुलना कशी करणार?”

रुता लिथुआनियाची. उंच, पिंगट केसांची, आणि चपला दाराबाहेर काढून नीट जोडून ठेवणारी. देशोदेशीच्या बायका मयतावर कशा रडतात ते टेप करायचं आणि मग दोन-चार देश शेजारी शेजारी ठेवून काय जुळतं, काय जुळत नाही ते बघायचं, हा तिचा अभ्यास.

“आमच्याकडे लग्नाआधी पत्रिका बघतात तसं,” मी म्हटलं. पत्रिका म्हणजे काय ते समजावण्यात तिचा चहा निवला.

माझं इंग्रजी रद्दीतलं. सातवीनंतर शाळा सुटली. पुढे जे काही आलं ते सुकी मासळी बांधायला आणलेल्या जुन्या पेपरांतून, आणि गोव्याला जाताना वाट चुकून आमच्या कांदळवाडीत शिरलेल्या पाहुण्यांकडून. त्यामुळे ‘अविश्वासाचा ठराव’ मला इंग्रजीत म्हणता यायचा, पण उशीला काय म्हणतात ते पुष्कळ दिवस माहीत नव्हतं. रुताला तेवढं इंग्रजी पुरलं. दुभाषी म्हणून तिने मलाच धरलं.

मी हात धुतले आणि तिच्या तीन प्रश्नांची उत्तरं दिली. पहिला हेल घरातली सगळ्यात मोठी बाई काढते. डॉक्टर सांगू दे, पोलीस सांगू दे, तिने गळा काढेपर्यंत आमच्या वाडीत माणूस गेलेला नसतो. पुरुष लाकडं बघायला उठत नाहीत, कुणी चुलीत पाणी ओतत नाही. तिचा हेल ज्या ज्या बाईच्या कानावर पडेल तिने असेल तशी उठून यायचं आणि तिच्या आवाजात आवाज मिसळायचा. हातातलं काम तिथेच टाकायचं. लुगडं बदलायलासुद्धा थांबायचं नाही.

“आणि थांबवतं कोण?”

“जिचं सगळ्यात जास्त गेलं ती. नवरा गेला असेल तर बायको. ती घरातला तांब्या भरून आणते आणि हेल काढणारीच्या हातात देते. ती पाणी प्यायली की रडणं संपलं. पाणी दिलं म्हणजे कबूल केलं.”

“आणि तिने पाणी दिलंच नाही तर?”

“असं कसं होईल? देतेच.”

रुताने ते लिहून घेतलं. मग विचारलं, “या गावात सगळ्यात चांगलं कोण रडतं?”

माशाचं कालवण सगळ्यात चांगलं कोण करतं असं विचारलं असतं तर वाडीत भांडणं लागली असती. याला मात्र एकच उत्तर होतं. धुरपाकाकी तांडेल. काकी मयतावर बसली की वैरीसुद्धा रुमाल काढायचे. गेलेल्या माणसाच्या सगळ्या खोडी ती सुरात अशी आळवायची की जिवंतपणी न आवडलेला माणूस निदान तेवढा वेळ तरी आपला वाटावा. मी गेले की काकीनेच रडावं, असं मी नवऱ्याला सांगून ठेवलं होतं. तो म्हणाला होता, “ती तुझ्यापेक्षा तीस वर्षांनी मोठी आहे गो.” मला ते सुचलंच नव्हतं.

“नेते तुला,” मी रुताला म्हटलं. “पण त्या घरात मुलाबद्दल काही विचारायचं नाही.”

काकीचा मुलगा भालचंद्र, वाडीचा भालो, गुजरातेतल्या एका बोटीवर खलाशी म्हणून गेला होता. चारेक वर्षं झाली. एका वादळानंतर ती बोट परत आली नाही. फळकूट सापडलं नाही, माणूस सापडला नाही. बंदरावर दोन मतं होती. एक, बोट बुडाली. दुसरं, बोट वाहत हद्दीपलीकडे गेली आणि पोरांना पाकिस्तानने पकडलं. तांडेलांच्या घराने दुसरं मत धरलं. तसे कितीतरी खलाशी वर्षानुवर्षं तिकडच्या तुरुंगात असतात, आणि अधूनमधून काही सुटतात. सुटलेल्यांची नावं पेपरात येतात.

वाडीत पेपर फक्त माझ्या खानावळीत यायचा. भालोची बायको हेमांगी रोज सकाळी पाण्याला जाताना दारात थांबायची. पंचविशी नुकती ओलांडलेली, कपाळावर रुपयाएवढं कुंकू, मनगटभर हिरव्या बांगड्या.

“वयनी, पेपर इलो?”

ती सातवीच्या पुढे शिकलेली होती, माझ्याहून जास्तच. पण स्वतः वाचायची नाही. “तुमीच वाचा. माझे डोळे खोटा वाचतीत,” म्हणायची. मी वाचायचे. काही नाही म्हटलं की कळशी कमरेवर घेऊन जायची.

हे सगळं मी रुताला सांगितलं. तिने वही मिटली. मग म्हणाली, “माझ्या आजोबांना सैनिकांनी आगगाडीत घालून उत्तरेकडच्या छावणीत नेलं, तेव्हा माझी आई आजीच्या पोटात होती. आजी त्यांच्यासाठी कधी रडली नाही.”

“मग?”

“मग काही नाही. वाट बघत ऐंशी वर्षांची झाली.”

दुपारी आम्ही तांडेलांकडे गेलो. वाळूत बांगडे वाळत घातलेले होते, आणि पलीकडच्या मांडवात बायका मासळीला मीठ लावत बसल्या होत्या. काकी पडवीत जाळ्याला गाठी मारत होती. हेमांगी आत तांदूळ निवडत होती. सुपाचा आवाज येत होता.

“काकी, ही रुता. लांबून आली आहे. तुमचं रडणं ऐकायला.”

काकीने तिला पायापासून डोक्यापर्यंत न्याहाळलं. “रडणा ऐकूक विमानान इली? हिच्या देशात कोण मरत नाय?”

रुताने आदबीने विचारलं, थोडंसं करून दाखवाल का. मी ते जमेल तितकं गोड करून सांगितलं.

“मड्याबिगर रडू?” काकी खवळली. “मी काय दशावतारात काम करतंय? असो हेल काढूचो नसता गो. काढलेलो हेल परत तोंडात जाणा नाय. उद्या घरात कोण गेला मगे?”

आतला सुपाचा आवाज थांबला आणि पुन्हा सुरू झाला.

मी रुताला सांगितलं, नाही म्हणते. रुता अजिबात रागावली नाही. उलट तिने मान हलवून ते लिहून घेतलं. सगळीकडे बायका हेच म्हणतात, म्हणाली. काकीला ते सांगितल्यावर काकी जरा नरमली.

“सगळीकडे म्हणजे खंय?”

मग रुताने देशांची नावं घेतली. त्यातलं एकही काकीला माहीत नव्हतं, पण प्रत्येक नावाला ती ‘होय’ म्हणत गेली. शेवटी म्हणाली, “हिच्या गावच्ये बायो कशे रडतत, ता तरी ऐकव.”

रुताला हेच हवं होतं. एका देशातलं रडणं दुसऱ्या देशातल्या रडणारीला ऐकवायचं आणि तिला त्यात काय ऐकू येतं ते विचारायचं, ही तिच्या अभ्यासातली खास रीत. तिने पिशवीतून छोटं टेपयंत्र काढून जाळ्यावर ठेवलं. एक म्हातारा बारीक आवाज आला, पाण्याने भरलेल्या भांड्यावर बोट फिरवल्यासारखा.

काकीने डोळे मिटून ऐकलं. संपल्यावर परीक्षकासारखी म्हणाली, “रडता बरा. पण हळू रडता. शेजारणीक ऐकू जावचा नाय. आणि दम मधीच सोडता.”

रुता इतकी हसली की तिच्या डोळ्यांत पाणी आलं. त्यांच्या भाषेत या रडण्याला ‘राउदा’ म्हणतात, असं तिने सांगितलं. काकी म्हणाली, “मगे? रडणाच ता. नाव दुसरा कशाक असतला?”

“दुसरी कोण आसा?” काकीने विचारलं. आता तिला गोडी लागली होती.

रुताने कॅसेट बदलली. “ही ग्रीसची आहे,” ती मला म्हणाली, “एका बेटावरची.”

ही बाई वेगळी होती. तिने हळू सुरुवात केली, जवळजवळ बोलल्यासारखी, कुणाला तरी जेवायला हाक मारावी तशी. मग तिचा आवाज चढत गेला, आणि आमच्या बायका ‘रे’वर जिथे थांबतात, अगदी तिथेच ती कशावर तरी थांबली. पुन्हा खालून सुरू झाली. मागे लाटांचा आवाज होता. की तो आमच्याच दारातला होता, सांगता येत नव्हतं.

काकीच्या हातातली जाळ्याची सुई थांबली.

मी रुताकडे वाकून हळूच विचारलं, “कुणासाठी रडते आहे?”

“मुलासाठी. समुद्रात गेला, सापडला नाही.” बोलता बोलता तिच्याच लक्षात आलं. तिचा चेहरा उतरला.

“बंद कर,” मी म्हटलं.

तिने हात पुढे केला, पण काकीचा तळवा आधीच यंत्रावर पडला होता.

“ऱ्हवांदे.”

“काकी, पुरे आता. दुसरी लावू या,” मी म्हटलं. “ही काय म्हणते ते तुम्हाला...”

“तू सांगा नको. झील गेलेलो आसा तिचो.” काकी माझ्याकडे बघतसुद्धा नव्हती. “दर्यान व्हरलो.”

टेपवरची बाई तिसऱ्यांदा चढत गेली. ती वर पोचली, आणि काकी तिच्यात मिसळली.

मी काकीला कितीतरी मयतांवर ऐकलं होतं. तो आवाज हा नव्हता. हा कुठून तरी चार वर्षं दाबून ठेवलेल्या झाकणाखालून आला.

“अरे माझ्या भाल्या रेऽऽ... तुझ्या पायाक वाळू लागली नाय रेऽऽ... खाऱ्या पाण्यान तुका न्हाणलो रेऽऽ... तुझा ताट मी झाकून ठेवलंय, कोणाक वाढू रेऽऽ...”

आत सूप पडलं. हेमांगी धावत बाहेर आली. तिच्या हाताला तांदळाची पांढरी भुकटी होती.

“आये! ओ आये, उगी ऱ्हवा!” तिने काकीच्या तोंडावर हात ठेवला. “असा काय करतास? तो पकडलेलो आसा! पकडलेल्यावर कोण रडता? वयनी, सांगा ओ तेंका! कोण मेला नाय हंय, कोण मेला नाय!”

मी काकीचे खांदे धरले. त्या हाडांच्या मोळीत एवढा जोर असेल असं वाटलं नव्हतं. हेमांगीने काकीला सोडलं, धावत जाऊन पडवीचं दार लावलं आणि खिडकी ओढली. बाहेर ऐकू जाऊ नये म्हणून. जसं काही कुणी ऐकलं नाही तर झालं नाही. मीही उठले आणि दुसरी खिडकी ओढू लागले. तिची फळी पावसाने फुगलेली होती, बसेना. त्या फटीतून मला मांडव दिसत होता. मिठाच्या बायका उठून उभ्या राहिल्या होत्या. क्षणभर एकमेकींकडे बघत होत्या. मग मथुरामामी, काकीची शेजारीण, डोक्यावर पदर ओढत चालू लागली आणि तिच्यामागे सगळ्या.

दार लोटून त्या आत आल्या तेव्हा कोपरापर्यंत मीठच होतं. कुणी काही विचारलं नाही. विचारायचं नसतंच. काकीभोवती बसल्या आणि एकेकीने आवाज मिसळला. चार वर्षं या बायका हेमांगीला ‘येतलो गो, येतलो’ म्हणत आल्या होत्या. त्यांच्या रडण्यात जरासुद्धा अडखळणं नव्हतं. मनातून सगळ्यांचं कधीच रडून झालं होतं, फक्त पहिला हेल निघायचा राहिला होता.

हेमांगी भिंतीला टेकून उभी होती. रडत नव्हती.

जाळ्यावरचं यंत्र कधीच थांबलं होतं. रुता कोपऱ्यात गुडघे जवळ घेऊन बसलेली. “मी जाऊन सांगू का त्यांना?” तिने मला विचारलं. “की चूक झाली, ते नुसतं टेप होतं?”

“कुणाला सांगणार?”

ऊन खिडकीतून सरकत काकीच्या पायांवर आलं. आवाज बसत चालला. एरवी या वेळेला पाणी आलेलं असतं. बायका रडता रडता डोळ्यांच्या कोपऱ्यातून हेमांगीकडे बघत होत्या, मग खाली बघत होत्या. हेमांगी हलत नव्हती. काकीचा घसा आता फाटक्या शिडासारखा वाजत होता. मध्येच ठसका लागायचा, ती वाकायची, आणि ठसका ओसरला की पुन्हा, “भाल्या रेऽऽ...”

मला ते बघवेना. मी उठून माजघरात गेले, तांब्या भरला आणि काकीपुढे धरला. काकीने मान वळवली. मथुरामामीने माझं मनगट धरलं. “तुझा नाय ता, कुंदावयनी. ठेव.” मी तांब्या जागेवर नेऊन ठेवला. रुताने पिशवीतून स्वतःची पाण्याची बाटली काढलेली मला दिसली. बिचारीने ती दोन्ही हातांत धरली होती आणि पुढे करावी की नको ते तिला कळत नव्हतं.

“आये, पुरे,” हेमांगी भिंतीपासून म्हणाली. तिचाही आवाज बसला होता. “मरशात अशानं.”

काकीने मान वर केली. सुनेकडे बघितलं. आता तिच्या तोंडातून शब्द निघतच नव्हते, नुसते ओठ हलत होते. पण थांबली नाही. दोन्ही हात जमिनीला टेकून तशीच रडत राहिली, आवाजाशिवाय. मग तिला ठसका लागला तो थांबेचना. चेहरा काळानिळा झाला. बायका गप्प झाल्या. कुणीही उठलं नाही.

हेमांगी आत गेली. तांब्या बुडाल्याचा आवाज आला. मी मघाशी भरलेलं पाणी ओतून तिने दुसरं घेतलं असावं. ती आली, काकीसमोर बसली, एका हाताने सासूचं डोकं छातीशी धरलं आणि तान्ह्या मुलाला पाजावं तसं घोट घोट पाणी तिच्या तोंडात घातलं.

काकी सगळा तांब्या प्यायली.

मथुरामामी पुढे सरकली, हेमांगीच्या कपाळाकडे हात नेला. हेमांगीने तो हात बाजूला केला आणि तांब्यात उरलेल्या थेंबांनी कुंकू स्वतःच पुसलं. हाताला तांदळाची भुकटी होती ती कपाळाला लागली. ती तशीच राहिली, संध्याकाळपर्यंत.

रुता दुसऱ्या दिवशी गेली. जाताना चपला घालता घालता म्हणाली, “तुझ्या गावाबद्दल मी काही लिहू शकणार नाही. तीन प्रश्नांपैकी पहिल्याचंच उत्तर मला आता माहीत नाही.” मी तिच्या पिशवीत सुके सोडे बांधून दिले. कोळंबी वाळवलेली, टिकते.

काकी आठ-पंधरा दिवस बोलू शकत नव्हती. मी पेज घेऊन जायचे. एकदा हेमांगी विहिरीवर गेलेली असताना तिने मला जवळ बसवलं. घशातून हवा निघावी तशी बोलली.

“माझ्या छातीत दुखता, कुंदा. दोन पावसाळे झाले. कोणाक सांगूक नाय.”

“डॉक्टरकडे नेते.”

“डॉक्टराचा नाय सांगत. मी गेलंय तर ह्या घरात मोठी कोण? तीच. मगे भाल्याचो पयलो हेल कोण काढतलो? ती काढूची नाय कधी. कुंकू लावन वाट बघीत म्हातारी होतली.” ती दमली. मी पाणी दिलं. ते मात्र तिने माझ्या हातून घेतलं. “रोज मी मनात म्हणय, आज काढतंय. गळो उघडूच नाय. आपल्या झिलाचो पयलो हेल आवशीन एकटीन काढूचो, तो कसो काढूचो? ती बाय पुढे झाली, मी मागसून गेलंय.”

“कोण बाय?”

“ती. हिच्या पेटीतली.” मग विचारलं, “खंयची म्हणालीस ती?”

“ग्रीसची.”

“होय,” काकी म्हणाली. त्या देशाची माणसं ओळखीची असल्यासारखी.

मी विहिरीकडच्या वाटेकडे बघत होते. “हेमांगीला हे सांगितलंत?”

“सांगितलंय. म्हणाली, आये, तुमी माका पाणी देवक लावन फशिवलास.” काकी हसायला गेली आणि तिला पुन्हा ठसका लागला. “आता तिचा तिका मोकळा. माहेराक जावांदे, दुसरा घर बघांदे. माझ्या बाजून मोकळा केलंय.”

पुढच्या पावसाळ्यात काकी गेली. तिचा हेल हेमांगीने काढला. मोठी तीच होती. वाडी म्हणाली, सासूसारखा काढला, दम मधेच सोडला नाही. माहेराकडून दोनदा भाऊ न्यायला आला. दोनदा तो जेवून परत गेला.

पण मला आठवतो तो त्याच्या कितीतरी आधीचा एक दिवस. रुता जाऊन आठवडासुद्धा झाला नव्हता. सकाळी मी ओट्यापाशी बसले होते. दारात सावली पडली. पांढरं कपाळ, मोकळी मनगटं, कमरेवर रिकामी कळशी. बांगड्या नसल्यामुळे ती आल्याचं मला ऐकूच आलं नव्हतं.

 मग तिने पदर नीट केला.

“वयनी, पेपर इलो?”

मी हात पुसले. पेपर घेतला आणि वाचायला लागले. पहिल्या पानापासून, सगळा. बाजारभावसुद्धा. ती कळशी खाली न ठेवता ऐकत उभी राहिली.